पासपोर्टची फाईल आजच लावा



ऑगस्ट २०२२ मध्ये माझी थोरली बहीण अश्दोदला वारली. आम्ही सगळी भावंडं तिला ताई म्हणायचो. तिच्या मातीला मी पोचले नाही. तिकिटाचे पैसे होते, माझी तब्येत ठीक होती, भाचा रोज फोन करून "मावशी, कधी येतेस?" विचारत होता. नव्हता तो फक्त पासपोर्ट.

मी नर्स. मुंबईत जनरल नर्सिंगचा डिप्लोमा केला, १९७६ साली अमेरिकेत आले, १९८४ ला नागरिकत्व घेतलं आणि निवृत्त होईपर्यंत हॉस्पिटलमध्येच काम केलं. सगळा जन्म दुसऱ्यांचे कागद नीट लावण्यात गेला. स्वतःचे मात्र बेसमेंटमधल्या ट्रंकेत टाकून दिले होते. १ सप्टेंबर २०२१ च्या रात्री आयडा वादळाचा पाऊस न्यू जर्सीवर कोसळला, तेव्हा आमच्या बेसमेंटमध्ये कमरेएवढं पाणी भरलं. ट्रंक उघडली तर नॅचरलायझेशन सर्टिफिकेटचा लगदा झालेला. जून २००७ मध्ये काढलेला पासपोर्ट भिजून फुगला होता. तो तसाही २०१७ ला संपलेला होता. मी म्हटलं, एक्स्पायर झालेल्या पासपोर्टचा काय उपयोग? आणि ओल्या गाद्यांबरोबर तोही कचऱ्यात टाकला.

ही माझी सगळ्यात मोठी चूक. का, ते पुढे सांगते. आपल्या समाजातले माझ्या वयाचे बरेच जण इथे माझ्यासारखेच आहेत. मुलं इथे, भावंडं इस्रायलमध्ये, कोणी अजून ठाण्यात, कोणी अलिबागला. फोन केव्हा येईल सांगता येत नाही. म्हणून हे लिहायला घेतलं. मी वकील नाही. स्वतःच्या आणि नंतर चार-पाच ओळखीच्या घरांच्या फाईली लावताना जे शिकले, ते सांगते आहे.

तुमचा अर्ज कुठला?

पासपोर्टचे मुख्य अर्ज दोन आहेत.

डीएस-८२ हा नूतनीकरणाचा. तो पोस्टाने पाठवता येतो, कुठे जावं लागत नाही. पण त्याच्या अटी आहेत. जुना पासपोर्ट तुमच्या हातात पाहिजे आणि तो फाटलेला, भिजलेला नको. तो तुमच्या वयाच्या सोळाव्या वर्षानंतर निघालेला पाहिजे. निघाल्याच्या तारखेपासून पंधरा वर्षांच्या आतला पाहिजे. आणि नाव तेच पाहिजे, किंवा बदलल्याचा सरकारी कागद पाहिजे. इथे नीट बघा: पंधरा वर्षं मोजायची ती संपल्यापासून नाही, निघाल्यापासून. पासपोर्ट दहा वर्षांचा असतो, म्हणजे संपल्यावर पाच वर्षं हातात राहतात.

आता माझा हिशेब करा. ताईची किडनी गेल्याचं मला मार्च २०२२ मध्ये कळलं. माझा पासपोर्ट जून २००७ चा. म्हणजे पंधरा वर्षं पुरी व्हायला तीन महिने बाकी होते. तो कोरडा, वरच्या कपाटात असता, तर मी घरबसल्या नूतनीकरण केलं असतं.

डीएस-११ हा पहिल्या वेळचा अर्ज. वरच्या अटींपैकी एक जरी चुकली, तरी हाच भरायचा. तो स्वतः हजर राहून द्यावा लागतो. बऱ्याच पोस्ट ऑफिसांत, काउंटी क्लार्ककडे, काही लायब्रऱ्यांत घेतात. अर्जावर सही घरी करायची नाही. समोरचा माणूस शपथ देतो आणि मग त्याच्यासमोर सही करायची. आपल्याला कागद दिसला की सही करायची सवय, म्हणून मुद्दाम सांगते.

सप्टेंबर २०२४ पासून ऑनलाइन नूतनीकरणही सगळ्यांना खुलं झालं आहे. ते पंचवीस वर्षांवरच्यांना, ज्यांचा दहा वर्षांचा पासपोर्ट आहे आणि नाव बदलायचं नाही त्यांना चालतं. अर्ज केला की हातातला जुना पासपोर्ट रद्द होतो. तो घेऊन प्रवासाला निघू नका. ऑनलाइनमध्ये घाईची सोय नाही.

नागरिकत्वाचा पुरावा

डीएस-११ बरोबर तुम्ही अमेरिकन नागरिक असल्याचा मूळ पुरावा द्यावा लागतो. आपल्यातल्या बहुतेकांकडे यापैकी एक असतो:

- नॅचरलायझेशन सर्टिफिकेट
- आधीचा अमेरिकन पासपोर्ट, संपलेला असला तरी चालतो, पण खराब झालेला नको
- इथे जन्मलेल्यांचा जन्मदाखला

दुसरी ओळ परत वाचा. संपलेला पासपोर्ट प्रवासाला चालत नाही, पण नागरिकत्वाचा पुरावा म्हणून चालतो. मी तो कचऱ्यात टाकला होता.

मूळ कागदाबरोबर त्याची झेरॉक्सही लागते. साधा पांढरा, इथल्या लेटर मापाचा कागद, एकाच बाजूला छापलेला. नॅचरलायझेशन सर्टिफिकेटवर लिहिलेलं असतं की कायदेशीर अधिकाराशिवाय याची नक्कल काढणं गुन्हा आहे. ते वाचून आमच्या ओळखीच्या एका काकांनी झेरॉक्स काढलीच नाही आणि खिडकीवरून परत आले. पासपोर्टच्या अर्जासाठी झेरॉक्स काढायला हरकत नाही, ती तर मागतातच.

बरेच जण मला विचारतात, मुंबईचा जन्मदाखला लागेल का? तुम्ही इथे नॅचरलाइज झाला असाल तर नागरिकत्वाचा पुरावा ते सर्टिफिकेट आहे, जन्मदाखला नाही. महानगरपालिकेच्या वॉर्ड ऑफिसात भाच्याला पिटाळू नका. आपल्या वयाच्या किती जणांची नोंदच झालेली नाही. गावाकडे सुईणीच्या हातून जन्म झाला आणि शाळेत घालताना मास्तरांनी तारीख लिहिली, असंच चालायचं.

इथे जन्मलेल्या मुला-नातवंडांचं वेगळं आहे. त्यांना राज्य, काउंटी किंवा शहराच्या नोंदणी खात्याने दिलेला, शिक्का आणि रजिस्ट्रारची सही असलेला, आईवडिलांची पूर्ण नावं असलेला जन्मदाखला लागतो. बाळंतिणीच्या वॉर्डात असताना मी स्वतः कितीतरी बाळांच्या पायाचे ठसे घेऊन, फीत लावून हॉस्पिटलचा सुंदर कागद आईच्या हातात दिला आहे. तो आठवण म्हणून जपा. पासपोर्टला तो चालत नाही.

ओळखपत्र आणि आपली नावं

फोटो असलेलं सरकारी ओळखपत्र लागतं. बहुतेकांचं ड्रायव्हिंग लायसन्स असतं. गाडी चालवत नसाल तर राज्याचं ओळखपत्र काढून ठेवा. त्याची झेरॉक्स पुढची आणि मागची, दोन्ही बाजूंची लागते. मुलाकडे दुसऱ्या राज्यात राहायला आला असाल आणि लायसन्स जुन्या राज्याचं असेल, तर जोडीला आणखी एक ओळखपत्र मागतात. मुलाकडे कायमचं यायचं ठरलं असेल तर तिथलं ओळखपत्र आधी काढा.

आता आपला खरा घोळ, नावांचा. वॉर्डात आम्ही औषध देण्याआधी हातातल्या पट्ट्यावर दोन गोष्टी बघायचो, नाव आणि जन्मतारीख. दोन्ही जुळल्याशिवाय गोळी द्यायची नाही. पासपोर्टवाले तेच करतात. आणि आपण बेने इस्रायल इथेच अडकतो.

आपली पद्धत अशी: स्वतःचं नाव, मग वडिलांचं, मग गावावरून आडनाव. पेणचे पेणकर, राजपूरचे राजपूरकर, चौलचे चेऊलकर. पण आडनाव लावायचंच असा आपला आग्रह कधी नव्हता. सिनेमातले डेव्हिड सगळ्यांना माहीत आहेत, त्यांचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. मुंबईचे महापौर झालेले डॉ. एलिजा मोझेस यांचं आडनाव राजपूरकर, पण महालक्ष्मीच्या रस्त्यावरच्या पाटीवर डॉ. ई. मोझेस एवढंच आहे. मुंबईत यानं कोणाचं काही अडलं नाही. इथे अर्जात पहिलं नाव, मधलं नाव, शेवटचं नाव असे तीन रकाने. व्हिसाच्या वेळी कोणी वडिलांचं नाव शेवटच्या रकान्यात लिहिलं, कोणी गावाचं. त्यामुळे सख्ख्या भावांपैकी एक इथे अब्राहम झाला आणि दुसरा पेणकर राहिला, अशी घरं मी पाहिली आहेत.

वर स्पेलिंग. शालोम की शेलोम, मोझेस की मोशे. माझंच सांगते. माझं नाव राहेल. सर्टिफिकेटवर आर-ए-एच-ई-एल. हॉस्पिटलमध्ये पगाराच्या यादीत कोणीतरी इंग्रजी पद्धतीने आर-ए-सी-एच-ई-एल लिहिलं, आणि पुढे लायसन्सवरही तेच आलं. चाळीस वर्षं कोणी विचारलं नाही. २०२३ च्या मार्चमध्ये खिडकीवरच्या बाईंनी विचारलं. मी परत आले आणि आधी लायसन्स सर्टिफिकेटप्रमाणे दुरुस्त करून घेतलं. त्यात तीन आठवडे गेले.

म्हणून सर्टिफिकेट, लायसन्स, सोशल सिक्युरिटी कार्ड आणि असेल तर ओसीआय कार्ड असे सगळे कागद टेबलावर ओळीने मांडा. प्रत्येकावरचं नाव अक्षर अक्षर वाचा. फरक दिसला तर तिकीट काढायच्या आधी मिटवा.

लग्नानंतर नाव बदललेल्या बायकांना लग्नाचा सरकारी दाखला लागतो. आपल्याकडे केतुबा जपून ठेवतात, ठेवायलाच पाहिजे. पण त्यात नाव हिब्रू पद्धतीने, अमक्याची मुलगी तमकी असं असतं. नुसत्या केतुब्यावर नाव बदलून मिळेल असं धरून चालू नका. मुंबईत लग्न रजिस्टर केलं असेल तर तिथली प्रमाणित प्रत मागवून ठेवा. कागद इंग्रजीत नसेल तर भाषांतर जोडायचं, आणि भाषांतर करणाऱ्याने ते खरं व पूर्ण असल्याचं नोटरीसमोर सही करून द्यायचं.

कुठलाच कागद नसेल आणि तरी पाच वर्षांहून अधिक काळ तुम्ही एकच वेगळं नाव वापरत असाल, तर डीएस-६० नावाचं प्रतिज्ञापत्र आहे. तुम्हाला दोन्ही नावांनी ओळखणाऱ्या दोन माणसांनी ते द्यायचं असतं, आणि सोबत नवं नाव असलेले जुने सार्वजनिक कागद लागतात. शेजारी किंवा सिनेगॉगमधले जुने स्नेही उपयोगी पडतात ते इथे.

जन्मतारीख

आमच्या आईला आत्याची जन्मतारीख विचारली की ती सांगायची, "बिरड्याच्या सणाच्या दुसऱ्या दिवशी झाली, त्या वर्षी पाऊस फार होता." वर्ष कुठलं, देव जाणे. शाळेत गेलेल्यांची तारीख बहुतेक वेळा १ जून. मग नागरिकत्वाच्या वेळी कोणी शाळेच्या दाखल्यावरची तारीख लिहिली, कोणी घरच्यांनी सांगितलेली.

नागरिकत्व घेताना जी तारीख तुम्ही शपथेवर दिली आणि सर्टिफिकेटवर आली, तीच तुमची तारीख धरा आणि सगळीकडे तीच लिहा. सर्टिफिकेट छापताना सरकारी खात्याची चूक झाली असेल तर ती एन-५६५ अर्जाने दुरुस्त होते, त्याची फी नाही. पण तुम्हीच चुकीची दिली असेल तर नंतर बदलून मिळणं जवळपास अशक्य. खरी तारीख कुठली यावर भावंडांनी वाद घालायचा तर जेवणाच्या टेबलावर घालावा, अर्जात नको.

जन्मस्थळाचीही एक गंमत आहे. परदेशात जन्मलेल्यांच्या अमेरिकन पासपोर्टवर गाव नाही, देश छापतात. त्यामुळे बॉम्बे की मुंबई हा प्रश्न पासपोर्टवर येत नाही. पण आपल्यातले काही जुने लोक फाळणीआधी कराचीला जन्मलेले आहेत. तिथे आपला मागेन शालोम सिनेगॉग होता. त्यांच्या पासपोर्टवर पाकिस्तान येतं, कारण गाव आज ज्या देशात आहे त्याचं नाव घालतात. ते बघून घाबरू नका.

फोटो

दोन इंच बाय दोन इंच, रंगीत, पांढऱ्या पार्श्वभूमीवर, गेल्या सहा महिन्यांतला. चष्मा काढायचा, हा नियम नोव्हेंबर २०१६ पासून आहे. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेल्यांनाही काढावाच लागतो. फारच वैद्यकीय अडचण असेल तर डॉक्टरची सही असलेलं पत्र लागतं. टोपी, किप्पा, डोक्यावरचा रुमाल धर्मासाठी रोज वापरत असाल तर ठेवता येतो, पण तसं सही करून लिहून द्यावं लागतं आणि चेहरा पूर्ण दिसला पाहिजे. नर्सचा असो की सैन्याचा, युनिफॉर्म चालत नाही.

पैसे आणि वेळ

मोठ्यांच्या पासपोर्टची फी सध्या १३० डॉलर. डीएस-११ असेल तर अर्ज घेणाऱ्या ऑफिसचे ३५ डॉलर वेगळे. हे दोन वेगळे भरणे आहेत. १३० चा चेक किंवा मनी ऑर्डर यू. एस. डिपार्टमेंट ऑफ स्टेटच्या नावाने, ३५ त्या ऑफिसला. पोस्टाने नूतनीकरणाला ३५ लागत नाहीत. घाई असेल तर ६० डॉलर जास्त. सोळा वर्षांखालच्या मुलांना १०० आणि ३५.

अर्ज स्वतः फुकट आहे. स्टेट डिपार्टमेंटच्या संकेतस्थळावरूनच घ्या. सरकारी वाटणारी पुष्कळ खाजगी दुकानं इंटरनेटवर बसली आहेत, ती नुसता अर्ज भरून द्यायचे पैसे घेतात. फी आणि लागणारा वेळ दोन्ही बदलतात, म्हणून अर्जाच्या दिवशी परत बघा. २०२३ च्या वसंतात साध्या अर्जाला दहा ते तेरा आठवडे लागत होते. मी घाईचे पैसे भरूनही दोन महिने थांबले. पुढे तो वेळ बराच कमी झाला.

आणखी एक. मूळ सर्टिफिकेट पासपोर्टबरोबर येईलच असं नाही. ते बहुतेक वेगळ्या टपालाने, नंतर येतं. पासपोर्ट आला आणि सर्टिफिकेट नाही म्हणून त्याच दिवशी रडू नका. मी रडले होते.

मुलं आणि नातवंडं

सोळा वर्षांखालच्या मुलाचा पासपोर्ट पाच वर्षांचा असतो आणि प्रत्येक वेळी डीएस-११ लागतो. आई आणि वडील दोघांनी हजर राहायचं. एकाला येता येत नसेल तर त्याने डीएस-३०५३ हे संमतिपत्र नोटरीसमोर सही करून द्यायचं आणि आपल्या ओळखपत्राची झेरॉक्स जोडायची. आजी-आजोबा नातवंडाला इस्रायलला घेऊन जाणार असतील, तर या कागदाचं आधीच बघा. मुलगा बाहेरगावी आणि सून एकटी खिडकीवर, असं करून चालत नाही.

मुलं भारतात जन्मली आणि लहान असताना इथे आली असतील तर अजून एक गोष्ट. २७ फेब्रुवारी २००१ पासून लागू झालेल्या कायद्याने, अठरा वर्षांखालचं ग्रीन कार्ड असलेलं मूल नागरिक आईकडे किंवा वडिलांकडे इथे राहत असेल, तर ते आपोआप नागरिक होतं. त्याच्याकडे सर्टिफिकेट नसलं तरी पासपोर्ट मिळू शकतो. त्याला भारतातला जन्मदाखला, आईवडिलांचं नॅचरलायझेशन सर्टिफिकेट, लग्नाचा दाखला आणि मुलाचं ग्रीन कार्ड दाखवावं लागतं. म्हणजे इथे मात्र महानगरपालिकेचा जन्मदाखला लागतोच. जे त्या तारखेआधीच अठरा वर्षांचे झाले होते, त्यांना जुना कायदा लागू, त्यांनी जाणकाराला विचारावं.

कागद हरवला, भिजला तर

आता माझ्या चुकीकडे परत येते.

पासपोर्ट भिजला तर टाकू नका. डीएस-११ भरा, खराब झालेला पासपोर्ट आणि तो कसा खराब झाला हे सही करून लिहिलेलं एक पत्र सोबत द्या, आणि नागरिकत्वाचा दुसरा पुरावा जोडा. हरवला किंवा चोरीला गेला तर डीएस-६४ भरून कळवा.

सर्टिफिकेट गेलं तर एन-५६५ भरून नवं मागवता येतं. मी मार्च २०२२ मध्ये तेच केलं. नवं सर्टिफिकेट हातात पडायला अकरा महिने लागले. ताई त्यातल्या पाचव्या महिन्यात गेली.

मला कोणी सांगितलं नव्हतं आणि मीही विचारलं नव्हतं, की आणखी एक वाट आहे. तुमचा अमेरिकन पासपोर्ट पूर्वी निघालेला असेल आणि आज हातात काहीच पुरावा नसेल, तर डीएस-११ बरोबर जुन्या नोंदी शोधण्याची लेखी विनंती करता येते. त्याची फी १५० डॉलर. माझे पासपोर्ट आधी निघालेले होते. त्यांच्या दप्तरात माझं नाव होतंच. ही वाट धरली असती तर मी वेळेत पोचले असते की नाही हे आज कोण सांगणार? पण निदान प्रयत्न तरी केला असता.

घरातलं कोणी मरणाच्या दारात असेल तर

परदेशात आई, वडील, मूल, नवरा-बायको, भाऊ, बहीण, आजी किंवा आजोबा वारले असतील किंवा अत्यवस्थ असतील, आणि दोन आठवड्यांच्या आत निघायचं असेल, तर पासपोर्ट एजन्सीत तातडीची वेळ मिळते. काका, मावशी, चुलत-मावस भावंडं यात धरत नाहीत. फोन १-८७७-४८७-२७७८. जाताना नेहमीचे सगळे कागद, तिकीट किंवा प्रवासाचा आराखडा, आणि मृत्यूचा दाखला किंवा हॉस्पिटलच्या लेटरहेडवर डॉक्टरच्या सहीचं पत्र न्यायचं. पत्र इंग्रजीत पाहिजे. इस्रायलमधलं हॉस्पिटल हिब्रूत देईल, म्हणून भाच्याला सांगा की डॉक्टरकडून इंग्रजीतच मागून घे, नाहीतर भाषांतर करून घे. नर्स म्हणून सांगते, वॉर्डात असं पत्र मागितलं तर देतात. ड्यूटीवरच्या सिस्टरला स्पष्ट सांगायचं की कशासाठी हवं आहे आणि कधीपर्यंत.

आणि ही सोय असली तरी तुमचे कागद जुळलेले नसतील तर तिचा उपयोग होत नाही, हे विसरू नका.

पासपोर्ट आल्यावर

आधी उघडून नाव, तारीख, लिंग सगळं वाचा. मग पासपोर्टवर सही करा. एक झेरॉक्स काढा, एक फोटो काढून मुलांना पाठवा. कुठलाही मूळ कागद लॅमिनेट करू नका. आपल्याला प्लास्टिक घालायची फार हौस, पण मग कागद खरा की खोटा हे त्यांना तपासता येत नाही.

ओसीआय कार्ड असेल तर, पन्नाशी उलटल्यावर जो नवा पासपोर्ट मिळेल त्याची प्रत आणि नवा फोटो एकदा भारत सरकारच्या ओसीआय संकेतस्थळावर चढवायचा असतो, त्याला फी नाही. इस्रायलला जायचं तर १ जानेवारी २०२५ पासून अमेरिकन पासपोर्टवाल्यांना निघण्याआधी ऑनलाइन ईटीए-आयएल ही परवानगी घ्यावी लागते, फी २५ शेकेल. ज्यांच्याकडे इस्रायली नागरिकत्वही आहे, त्यांना इस्रायली पासपोर्टवरच जावं लागतं. आणि पासपोर्ट संपायला सहा महिने राहिले की तो संपला असं समजा, कारण बऱ्याच ठिकाणी तेवढी मुदत मागतात.

माझा पासपोर्ट जून २०२३ मध्ये आला. घरी मलिदा केला. पोहे, नारळ, खजूर, फळं ताटात मांडली, एलियाहू हनाबीचं नाव घेतलं. ऑगस्टमध्ये ताईच्या वर्षीला अश्दोदला गेले. भाचा विमानतळावर उभा होता. तो काही बोलला नाही, मीही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी कबरीवर दगड ठेवला आणि ताईला म्हटलं, "उशीर झाला गं."

तुम्हाला असं म्हणावं लागू नये. शब्बाथ संपला की रविवारी सकाळी चहा घेऊन बसा. प्लास्टिकची झिप असलेली एक पिशवी घ्या आणि तीत एवढं घाला: नॅचरलायझेशन सर्टिफिकेट, आताचा पासपोर्ट, जुने सगळे पासपोर्ट, लग्नाचा दाखला, नाव बदलल्याचा काही कागद असेल तो, सोशल सिक्युरिटी कार्ड, ओसीआय कार्ड, आणि प्रत्येकाच्या दोन-दोन झेरॉक्स. वर एक चिठ्ठी लावा, पासपोर्ट निघाल्याची आणि संपण्याची तारीख मोठ्या अक्षरात. पिशवी वरच्या मजल्यावर ठेवा, बेसमेंटमध्ये नाही. आणि कुठे ठेवली ते घरातल्या आणखी एका माणसाला सांगून ठेवा.